आवाज बाईंचा, शब्द कोणाचे?

१

आमदार प्रेमला रंगारी यांच्या संपर्क कार्यालयाची समोरची काच सकाळी फुटली. फोडणारे विरोधी पक्षाचे असते तर कुणाला फार नवल वाटलं नसतं. पण ते रमाईनगरचे होते. मागच्या निवडणुकीत बाईंना खांद्यावर घेऊन ज्यांनी गुलाल उधळला, तेच.

अक्षता ढोबळे पोचली तेव्हा बाईंचा पीए वैजनाथ पुठ्ठ्यावर काचा गोळा करत होता. अक्षताचा धंदा खासगी तपासाचा. स्वारगेटला एका बेकरीच्या माडीवर तिचं ऑफिस होतं आणि गेल्या काही वर्षांत ते जोरात चाललं होतं. शहरात कंपन्या आल्या, त्यांच्यामागून पगार आले, पगारांमागून स्थळं आली. अमेरिकेत आहे म्हणणारा जावई खरंच अमेरिकेत आहे की भोसरीत, हे कळायला सासऱ्यांना अक्षता लागायची. पण आजचा फोन कुठल्या सासऱ्याचा नव्हता. महापालिकेच्या शाळेत ज्यांनी तिला मराठी शिकवलं, त्या बाईंचा होता.

"बस, अक्षता," प्रेमलाबाई म्हणाल्या. त्यांच्या 'स'मधून बारीकशी शीळ निघाली. पहिल्या निवडणुकीच्या प्रचारात जीप उलटली आणि त्यांचे पुढचे दोन दात गेले. बसवलेले दात 'स' म्हणताना वारा सोडायचे. शाळेत शुद्धलेखन सांगणारा तो लख्ख, धुतल्यासारखा आवाज अक्षताला आठवला आणि तिला उगीच वाईट वाटलं.

झालं होतं ते असं. खराडीत नदीकाठी रमाईनगर ही जुनी वस्ती. शेजारी काचेच्या इमारती उठल्या, तशी वस्तीच्या जागेवर दत्तप्रसाद नावाच्या बिल्डरची नजर गेली. लोकांनी संमती द्यावी, जागा सोडावी, दूर कुठंतरी घरं घ्यावीत, असा त्याचा प्रस्ताव. बाईंनी विधानसभेत भांडून सरकारकडून शब्द घेतला होता की घरं तिथल्या तिथेच बांधली जातील, आणि तोवर संमती देऊ नका, असं त्या वस्तीला घरोघर सांगत होत्या. आणि काल संध्याकाळी इथल्या केबल चॅनेलवर एक सीडी वाजली.

वैजनाथनं ती लावली. मागे खरखर होती, पण आवाज स्पष्ट होता.

"अहो, घाई कशाला? आधी गोड बोला. सगळ्यांना सांगा, पक्की घरं मिळणार, दारात नळ येणार. एकदा अंगठे मिळाले की पाणी तोडा. पाणी तुटलं की माणूस आपोआप उठतो. मग नदीपलीकडे नेऊन टाका. वरचं सगळं मी बघतो. चार दिवस ओरडतील, मग सवय होईल. गरिबाला सवय फार लवकर लागते."

शेवटी लांबून एक घोगरा, लांबलचक आवाज आला, ट्रकच्या हॉर्नसारखा, आणि सीडी संपली.

आज संध्याकाळी वस्तीत दत्तप्रसादची सभा होती. लोक चिडलेले होते. ज्या बाईवर विश्वास टाकला तीच विकली गेली, तर मिळतंय ते घेऊन निघावं, अशी भाषा सुरू झाली होती. संध्याकाळी एकदा संमती दिली की सगळं संपलं. मग येत्या निवडणुकीला पक्षानं तिकीट दिलं काय आणि नाही दिलं काय.

अक्षतानं विचारलं, की हे बनावट आहे ना? कुणीतरी तुमच्या आवाजाची नक्कल केली असेल.

प्रेमलाबाईंनी मान हलवली. "आवाज माझाच आहे," त्या म्हणाल्या. "शब्द माझे नाहीत."

२

आवाज एकीचा आणि शब्द दुसऱ्याचे, हे कात्रीशिवाय होत नाही. भाषणांमधले तुकडे कापून जोडले असणार, असं धरून अक्षता पहिली गेली ती बद्रीनाथकडे. टिळक रोडला त्याचा रेकॉर्डिंग स्टुडिओ होता. कानाला हेडफोन लावून त्यानं सीडी पुन्हा पुन्हा ऐकली, संगणकावर आवाजाची रेघ मोठी करून पाहिली, आणि तिच्या सगळ्या आशेवर पाणी ओतलं. कुठंही जोड नव्हता. एका दमात, एका जागी, एकाच माणसानं बोललेलं होतं. फक्त सुरुवात आणि शेवट छाटलेले. मागची खरखर कॅसेटची होती, म्हणजे आधी कॅसेटवर घेतलं आणि मग सीडी केली.

म्हणजे बाई खरंच हे बोलल्या होत्या. ज्या माणसाच्या शब्दावर आपण लहानपणी डोळे मिटून विश्वास ठेवला, त्याचाच तपास करायची वेळ आली होती. अक्षतानं स्कूटरला किक मारली आणि खराडीचा रस्ता धरला.

हिंदुराव हा बाईंच्याच पक्षातला, त्याच तिकिटावर डोळा ठेवून असलेला गडी. त्याच्या ज्वारीच्या रानात आता कंपनीच्या बसगाड्या उभ्या राहत, आणि शेजारच्या बंगल्याच्या ओट्यावर तो पेपर वाचत बसला होता. केबलवाला त्याचा मेहुणा. त्यानं काहीच लपवलं नाही. पाकीट टेबलावर आलं, कुणी टाकलं माहीत नाही, ऐकलं आणि मेहुण्याला दिलं, एवढंच त्याचं म्हणणं.

"मला तिकीट पायजे, हे मी काय चोरून ठेवलंय का?" तो म्हणाला. "पर एक सांगतो. बाईला मी पाच वर्सं भाषणात ऐकतोय. सरळ, मास्तरणीवानी बोलती. ही जी सीडीतली हाय ना, ही लई ठसक्यात बोलती. असं बोलाया येत असतं, तर बाई आत्तापर्यंत मंत्री झाली असती."

तो हसला. अक्षता हसली नाही. हे वाक्य तिनं मनात ठेवून दिलं.

निघताना तिनं त्याच्या हातातल्या पेपराकडे पाहिलं. सीडीतला सगळा मजकूर चौकटीत छापला होता. तिनं तो वाचला, आणि काहीतरी खटकलं. काय, ते मात्र तिला सांगता येईना. जेवणात खडा लागावा आणि जीभ फिरवून सापडू नये, तसं झालं.

३

बाईंच्या आयुष्यातली सगळ्यात जुनी मैत्रीण कोण, असं विचारल्यावर वैजनाथनं पटकन नाव घेतलं होतं: पूर्णिमा आगटे. नाव सांगताना त्याच्या खिशातून एका आयटी कंपनीचा पाहुण्याला देतात तो पास डोकावत होता. अक्षतानं विचारल्यावर तो कानापर्यंत लाल झाला. ऑफिस सांभाळायच्या नोकरीसाठी मुलाखत देऊन आला होता. ताई पडल्या तर आपण कुठं जाणार, हा त्याचा हिशेब. अक्षतानं त्याचं नाव संशयितांत घातलं, पण मन लागलं नाही. बुडत्या बोटीतून उडी मारायची तयारी करणारा माणूस बोटीला भोक पाडत बसत नाही.

पूर्णिमाबाईंची संस्था कर्वे रोडला होती. अमरावती, यवतमाळ, भंडाऱ्याकडून आलेली इंजिनिअर मुलं तिथे मुलाखतीला कसं बसावं, इंग्रजीत कसं बोलावं, हे शिकायची. भिंतीवर पाटी होती: 'लवकरच खराडीत, स्वतःच्या मजल्यावर.'

अक्षता म्हणाली, की तुमच्याकडून थोडी माहिती भेटली तर बरं होईल.

"भेटतात माणसं," पूर्णिमाबाई म्हणाल्या. "माहिती मिळते. बसा."

पण चिमटा काढून झाल्यावर त्या छान बोलल्या. कॉलेजात प्रेमला आणि त्या एकाच बाकावर. प्रेमलाचे वडील भंडाऱ्याहून खडकीच्या कारखान्यात आलेले, आपले वडील वकील. दोघींनी मिळून पथनाट्याचं मंडळ काढलं. चौकाचौकात नाटकं केली, हुंड्यावर, पाण्यावर, दारूवर. मार्केट यार्डात कांदा निवडणाऱ्या बायकांची मजुरी वाढली ती त्या नाटकांतून उठलेल्या संपानं. तिथूनच प्रेमला पुढे गेली. आधी नगरसेविका, मग आमदार.

लिहायचं कोण, असं अक्षतानं विचारलं.

"लिहायची मी," पूर्णिमाबाई म्हणाल्या. "टाळ्या तिला. नाटकात तसंच असतं."

सीडीचं विचारल्यावर त्यांनी चष्मा काढून पुसला. केबलवर पुन्हा पुन्हा लागत होती, तीनदा तरी ऐकली, असं म्हणाल्या. "सत्तेनं माणूस बदलतो हे ऐकून होते. प्रेमला असं बोलेल, असं मात्र कधी वाटलं नव्हतं."

त्यांच्या आवाजात खरंच खंत होती. अक्षता उठली तेवढ्यात तिचा मोबाईल वाजला. वैजनाथ होता. बाईंचा धाकटा भाऊ समाधान गायब होता. काल संध्याकाळी केबलवर सीडी ऐकता ऐकता ताटावरून उठला, एक शब्द बोलला नाही, आणि टेम्पो घेऊन गेला तो परतलाच नाही. फोन बंद.

४

अक्षता समाधानला शोधायला गेली नाही. आधी ती बाईंकडे परत आली, दार लावून घेतलं, आणि पेपरातली चौकट त्यांच्यापुढे ठेवली. मग सीडी लावली आणि छापलेल्या ओळींवरून बोट फिरवत ऐकू लागली. शाळेत शुद्धलेखन तपासताना बाई फिरवायच्या, तसं.

बोट एका शब्दावर थांबलं. खडा सापडला.

पेपरात छापलं होतं: 'वरचं सगळं मी बघते.' सीडीत मात्र आवाज म्हणत होता: 'मी बघतो.'

उपसंपादकानं चूक समजून दुरुस्त केली असणार. बाई बोलतेय म्हटल्यावर ऐकणाऱ्यांच्याही मनानं तेच केलं. अख्ख्या वस्तीनं 'बघते' ऐकलं, कारण समोर बाईचा आवाज होता. पण बोलणारी स्वतःला पुरुष म्हणवत होती.

"बाई, तुम्ही कधी 'मी बघतो' म्हणता का?"

"मी मराठीची शिक्षिका आहे," प्रेमलाबाई म्हणाल्या. आणि त्या वाक्यातल्या 'शि'बरोबर वाऱ्याची झुळूक आली, तशी अक्षता खुर्चीतून उठलीच.

दुसरा खडा तिथंच होता, इतका वेळ दाताखाली. सगळ्यांना, सांगा, सवय. सीडीतला प्रत्येक 'स' लख्ख होता. कुठंही शीळ नव्हती. म्हणजे हे बोलणं जीप उलटायच्या आधीचं. त्या वेळी बाई आमदार नव्हत्या, खराडीत ज्वारी होती, दत्तप्रसादला कुणी ओळखत नव्हतं. म्हणूनच सगळ्या बोलण्यात एका जागेचं, एका माणसाचं नाव नव्हतं. नावं ऐकणाऱ्यांनी आपल्या मनानं भरली. आणि सह्या न म्हणता अंगठे म्हटलं होतं. आता रमाईनगरात घरटी एक पोरगं कॉलेजात जातं.

पुरुष म्हणून बोलणारी, ठसक्यात बोलणारी, कित्येक वर्षांपूर्वीची प्रेमला रंगारी.

"हे भाषण नाही, बाई. हे नाटक आहे. तुम्ही पुरुषाचं काम करताय."

काल टीव्हीवर दोन वाक्यं कानावर पडली आणि फोन सुरू झाले, सकाळी वैजनाथनं लावली तेव्हा दारात लोक ओरडत होते; शांतपणे प्रेमलाबाईंनी ती सीडी ऐकलीच नव्हती. आता ऐकली. शेवटचा तो लांबलचक घोगरा आवाज आला, आणि त्यांचा हात आपोआप तोंडावर गेला.

तो ट्रक नव्हता. कारखान्याचा भोंगा होता. खडकीला त्यांच्या क्वार्टरच्या मागे पाळी सुटताना व्हायचा तो. त्याच्यावर घरातली चूल पेटायची, वडिलांचं येणं ठरलेलं असायचं.

मग धाग्याला धागा लागत गेला. एका नाटकाची तालीम क्वार्टरमध्ये झाली होती. वस्ती उठवणारा नामदार आणि त्याचा दलाल. बाईंना मिशा लावून नामदार करायचा होता. दोनच तालमी झाल्या, वडील वारले, मंडळ मोडलं, नाटकाला नावसुद्धा मिळालं नाही. चौकात त्याचा प्रयोग कधी झालाच नाही, म्हणून जगात कुणालाच ते ओळखीचं वाटलं नाही. खुद्द त्यांनाही. शेकडो वाक्यं तोंडातून गेलेली, त्यातलं हे एक.

तालमीला कोण कोण होतं, अक्षतानं विचारलं.

"मी. पूर्णिमा, ती दलाल करायची," बाई हळूच म्हणाल्या. "आणि समाधान. त्यानं नवा टेपरेकॉर्डर घेतला होता. दिसेल ते टेप करायचा."

५

समाधान मार्केट यार्डात सापडला, जिथून तो रोज फुलं वाहायचा त्या फुलबाजाराच्या मागे, आपल्या टेम्पोत. झेंडूच्या रिकाम्या पोत्यांवर बसून होता. अक्षताला बघून तो पळाला नाही. पळायचं त्राणच नव्हतं त्याच्यात.

काल भोंगा ऐकला आणि हातातला घास ताटात टाकला, असं त्यानं सांगितलं. आपणच टेप केलेलं आहे, हे त्याला त्या क्षणी कळलं. आणि लगेच दुसरंही कळलं, की हे सांगितलं तर सगळे आपल्यावरच येणार. टेप याची, बहीण याची, टेम्पो कर्जाचा. कुणाला वाटणार नाही की यानं विकली? म्हणून तो रातोरात खडकीच्या जुन्या शेजाऱ्यांकडे गेला, माळे शोधले, अडगळ उपसली. कॅसेट मिळाली नाही. कुणाला दिली होती की हरवली होती, काही आठवत नव्हतं.

"ताईसमोर कुठल्या तोंडानं जाऊ?" तो म्हणाला.

दोन माणसं, एक कॅसेट. एखादा वकील असता तर म्हणाला असता, की दोघांवरही सारखाच संशय. पण अक्षता टेम्पोच्या फळीवर बसून राहिली आणि तिच्या मनात सगळं स्वच्छ झालं. समाधाननं सीडी एकदा ऐकली आणि ताटावरून उठला. ज्यानं नुसती टेप केली होती त्याला एका ऐकण्यात ओळख पटली. आणि जिनं ती वाक्यं स्वतः लिहिली, शब्दन् शब्द घासून बसवला, जी समोर दलाल होऊन उभी होती, तिनं तीनदा ऐकून काय म्हटलं? प्रेमला असं बोलेल असं वाटलं नव्हतं.

लेखकाला स्वतःचं वाक्य ओळखू येत नाही, असं होत नाही. आपलं पोर रस्त्यात लांबून दिसलं तरी आई ओळखते. न ओळखल्याचं सोंग मात्र आणता येतं.

पण हा झाला तर्क. वस्तीत दगड घेऊन उभ्या असलेल्या माणसांना तर्क कोण ऐकवणार? अक्षतानं समाधानला विचारलं, त्या शेवटच्या वाक्यानंतर नाटकात पुढे काय होतं. त्यानं डोकं खाजवलं. काहीतरी खुर्चीचं होतं, त्यावर ताई मिशीला पीळ द्यायची आणि आम्ही हसून लोळायचो, एवढंच त्याला आठवत होतं.

"तेवढं पुरे," अक्षता म्हणाली.

६

दुपार कलायला लागली होती. पूर्णिमाबाईंचा वर्ग नुकताच सुटला होता. अक्षता म्हणाली, की थोडंच काम आहे, एक जुनं वाक्य पक्कं करायचंय. आणि समोर बसून, शाळकरी मुलीसारखं हात बांधून तिनं म्हटलं:

"'गरिबाला सवय फार लवकर लागते. आम्हाला खुर्चीची सवय लागते.' असं होतं ना पुढे?"

"शी," पूर्णिमाबाई म्हणाल्या. "लागते लागते काय दोनदा? मेलं की ते वाक्य. 'गरिबाला सवय फार लवकर लागते, आम्हाला खुर्ची जडते.' जडते. रोग जडतो तसं. सगळी गंमत त्या..."

आणि त्या थांबल्या.

सीडी 'लागते'वर संपत होती. त्याच्या पुढचं वाक्य जगात तिघांनाच माहीत असणं शक्य होतं, आणि त्यातल्या दोघांना ते आठवत नव्हतं.

पूर्णिमाबाईंनी नाकबूल करायचा प्रयत्न केला नाही. तेवढा त्यांना स्वतःचा मान होता. कॅसेट समाधाननंच दिली होती, तालमीत सुचलेली वाक्यं लिहून काढायला. परत मागायची कुणाला आठवण राहिली नाही. तिचीच सीडी करून ते पाकीट हिंदुरावकडे त्यांनीच पोचवलं होतं. दत्तप्रसादच्या नव्या इमारतीत संस्थेला एक मजला मिळायचा होता, आणि ती इमारत वस्तीच्या जागेवर उभी राहायची होती. हजारो मुलांना नोकऱ्या लागतील, असं त्या म्हणाल्या, आणि अक्षताला जाणवलं, की हे त्या स्वतःला पुष्कळ दिवस सांगत आल्या आहेत.

मग त्या खिडकीकडे वळून म्हणाल्या, "विधानसभेत ती बोलते ना, त्यातली निम्मी वाक्यं अजून माझी असतात. तिला ठाऊकही नसतं. पाच वर्षांत एकदा तरी कुठं माझं नाव घेतलं?"

"म्हणून तुम्ही तिचा आवाज विकलात," अक्षता म्हणाली.

"माझे शब्द होते," पूर्णिमाबाई म्हणाल्या.

सभा सुरू व्हायला थोडाच वेळ उरला होता.

७

रमाईनगरच्या समाजमंदिरासमोर मांडव घातला होता. बाबासाहेबांच्या तसबिरीला नवा हार होता. टेबलावर दत्तप्रसादची माणसं संमतीचे कागद आणि शाईचे पेन मांडून बसली होती, आणि पहिल्या रांगेत विमलाबाई उठायच्या बेतात होत्या. वस्तीत सगळ्यात आधी आलेल्या त्या. सकाळचा पहिला दगड त्यांचाच.

प्रेमलाबाई मांडवात शिरल्या तशी शिव्यांची एक लाट आली. वैजनाथ त्यांच्या पुढे उभा राहिला. मुलाखत देऊन आलेला असला तरी तेव्हा तो हलला नाही. अक्षतानं वाटेत पूर्णिमाबाईंचं सगळं सांगितलं होतं, त्या पुढच्या वाक्यासकट, आणि म्हटलं होतं, की बद्रीनाथला साक्षीला आणू, दातांच्या डॉक्टरला आणू, सगळं रीतसर पटवून देऊ. बाईंनी ऐकून घेतलं आणि नुसतं म्हटलं, की एवढा वेळ कोण बसणार आहे.

त्यांनी माईक घेतला नाही. पदर खोचला, सोबत आलेल्या समाधानच्या खांद्यावरचा गमछा घेऊन डोक्याला फेट्यासारखा बांधला, पाय रोवले, आणि एका हातानं नसलेल्या मिशीला पीळ दिला. समाधान क्षणभर भांबावला. मग कंबरेत वाकून, हात चोळत दलाल झाला.

"साहेब, वस्ती कधी उठवायची?"

"अहो, घाई कशाला?" नामदार म्हणाले. "आधी गोड बोला. सगळ्यांना सांगा, पक्की घरं मिळणार, दारात नळ येणार..."

आवाज तोच. ठसका तोच. फक्त प्रत्येक 'स'मधून वारा निघत होता. मांडव आधी चिडला, मग गोंधळला. 'वरचं सगळं मी बघतो' म्हणत बाईंनी छातीवर थाप मारली, तेव्हा मागून कुणीतरी पोरगी म्हणाली, की अगं, हा तर पुरुष आहे. आणि कुजबुज रांगेरांगेनं पुढे सरकली. सीडीत हेच होतं. सीडीत हाच माणूस होता.

"चार दिवस ओरडतील, मग सवय होईल. गरिबाला सवय फार लवकर लागते," बाई म्हणाल्या, आणि खुर्ची ओढून तिच्यावर बूड आपटलं, "आम्हाला खुर्ची जडते."

मांडव फुटला. माणसं मांड्यांवर थापा मारून हसली, आणि हसता हसता काही बायका रडायला लागल्या, कारण सकाळचा दगड आठवला. अक्षता मागे खांबाला धरून उभी होती. आपण हसतोय की रडतोय हे तिलाच कळेना.

गमछा सोडून प्रेमलाबाईंनी आता माईक घेतला. ही तालमीची कॅसेट होती, त्यांनी सांगितलं, फार जुनी, आणि तुमच्यासारख्यांची घरं उठवणाऱ्यांवरच लिहिलेली. ती कापून तुम्हाला ऐकवली, ती तुम्ही आज सह्या कराव्यात म्हणून. मग त्यांची नजर मांडवाच्या कडेला गेली. तिथे, रस्त्यावर, एका गाडीशेजारी पूर्णिमाबाई उभ्या होत्या. का आल्या होत्या, कुणाला ठाऊक. कदाचित आपलं वाक्य एकदा तरी लोकांसमोर झालेलं ऐकायला.

"ही वाक्यं माझी नाहीत," बाई माईकवर म्हणाल्या. "ती पूर्णिमा आगटे यांनी लिहिली. फार चांगली लिहिली. त्या बघा, तिथे उभ्या आहेत. ही सीडीही त्यांनीच केली."

सगळा मांडव मागे वळला. कुणीच काही फेकलं नाही. लोक नुसते बघत राहिले, आणि त्या बघण्याखाली पूर्णिमाबाई गाडीत बसल्या आणि गेल्या.

विमलाबाई उठल्या. टेबलापर्यंत गेल्या, संमतीच्या कागदांवर दोन्ही हात ठेवले आणि दत्तप्रसादच्या माणसाला म्हणाल्या, की बाळा, हे उचल. तो उचलेना, तेव्हा त्यांनी स्वतःच उचलून त्याच्या मांडीवर ठेवले. पाठोपाठ एकेक माणूस बाईंच्या पायाशी येऊ लागला. बाई प्रत्येकाला हाताला धरून उठवत होत्या.

निवडणुकीला त्या थोडक्या मतांनी निवडून आल्या. हिंदुराव बंडखोर म्हणून उभा राहिला आणि पडला, आणि दुसऱ्या दिवशी पेढे घेऊन आला. पण ते नंतर. त्या संध्याकाळी मांडव रिकामा होईपर्यंत प्रेमलाबाई तिथेच होत्या. मग अक्षताच्या स्कूटरवर मागे बसल्या आणि म्हणाल्या, की आधी पोलीस चौकीत चल.

अक्षतानं वळून विचारलं, की एवढं सगळ्यांसमोर कौतुक केलंत, मला वाटलं माफ केलंत.

"कौतुक वाक्याचं केलं," बाई म्हणाल्या. "तक्रार बाईची करायची आहे. चल, उशीर होतोय."